आतली माया

सोमवार, ५ मे २०२५

सात वर्षांनी आज वाकडी सुई हातात धरली आणि दोरा काही केल्या नेढ्यातून जाईना. शेजारच्या टेबलावरच्या आजींनी न बोलता स्वतःचा चष्मा काढून माझ्यापुढे सरकवला. तो लावल्यावर दोरा पहिल्याच खेपेला गेला. मला चष्मा लागलाय, हे मला नोकरीच्या पहिल्या दिवशी एका परक्या बाईकडून कळलं.

नोकरी. पुन्हा एकदा लिहून बघते, मला नोकरी लागली. पुण्यात संग्रहालयात नऊ वर्षं मी जुनी वस्त्रं जपायचं काम केलं. शेले, पागोटी, बाळांच्या कुंच्या. मग नवऱ्याला, श्रीनिवासला, इथल्या वन-नॉर्थ या कंपन्यांच्या भागात काम मिळालं, मुलगी जाई पाच वर्षांची होती, आणि आम्ही देश सोडून इथे, या बेटावर आलो. इतकी वर्षं माझा इथे राहायचा पास त्याच्या पासला लटकलेला होता. आता कार्डावर फक्त माझं नाव आहे, अनघा.

जागा घरापासून चालत बारा मिनिटांवर, बुकित बातोकच्या कारखान्यांच्या भागात. खाली गाड्या दुरुस्त करतात, वर बिस्किटांचं गोदाम आहे, मध्ये आम्ही. मालक मिस्टर चिया. संग्रहालयांना वस्तू मांडायला लागणारे आधार, पेट्या, कपडे चढवायची धडं ते बनवून देतात. माणसं एकूण चार. त्यातल्या चष्मेवाल्या आजी म्हणजे आंटी क्वेक. वय त्र्याऐंशी, पाठ ताठ. चाळीस वर्षं कपड्यांच्या कारखान्यात शिवलं, आता आठवड्यातून तीन दिवस इथे येतात. त्या तुटक इंग्रजी बोलतात. मी इथे मराठीत लिहीन, पण ते तसंच तुटक ठेवीन. त्यांना शब्द वाया घालवायला आवडत नाही.

ऑगस्टमध्ये शहरातल्या एका संग्रहालयात प्रदर्शन आहे. अणुबॉम्बला ऐंशी वर्षं होतायत. हिरोशिमाच्या एका लहान स्मृतिसंग्रहालयातून चौदा वस्तू येणार आहेत, तिथे मेलेल्या माणसांच्या. त्यातली एक माझ्या वाट्याला आली आहे. योशिए नावाच्या बारा वर्षांच्या मुलीचं कमरेपर्यंतचं, अर्ध्या बाह्यांचं सुती शिवलेलं वस्त्र. कागदपत्रांत त्याला ब्लाउज म्हटलंय. आमच्याकडे सरळ पोलकं म्हटलं असतं, मी तेच म्हणणार.

गुरुवार, ८ मे

योशिएची हकीकत आज वाचली. शाळेच्या पहिल्या वर्षातल्या मुलींना त्या सकाळी घरं पाडायच्या कामाला नेलं होतं, आग पसरू नये म्हणून शहरात मोकळे पट्टे करत होते. आई तीन दिवस शोधत होती. शेवटी एका शाळेच्या अंगणात तिला मुलगी मिळाली, चेहऱ्यावरून ओळखता येत नव्हती. आईने पोलक्याची शिलाई ओळखली. तिने स्वतः शिवलेलं होतं. पुढे चाळीस वर्षं ते कपाटात होतं, आई गेल्यावर धाकट्या भावाने संग्रहालयाला दिलं.

मूळ पोलकं जुलैअखेर येईल. तोवर त्यांनी पाठवलेल्या मापांवरून मला मांजरपाटाची नक्कल शिवायची आहे आणि त्या नकलेवरून आतलं धड घडवायचं आहे. मूळ कापडावर कुठेही ताण येता कामा नये, ते आता कागदापेक्षा नाजूक आहे.

चिया म्हणाले, धडावरचं अस्तर आंटी क्वेक शिवतील, त्यांच्यासारखा हात कुणाचा नाही. मी फोटो घेऊन त्यांच्याकडे गेले. त्यांनी फोटो पाहिला, कुठून आलंय ते वाचून दाखवायला सांगितलं, मग तो उलटा करून ठेवला.

"बाकी सगळं देईन शिवून. हे नाही."

"का, आंटी?"

"जपानी," एवढंच म्हणाल्या आणि मशीन सुरू केलं.

चियांना विचारलं तर ते म्हणाले, घरची जुनी गोष्ट आहे, युद्धात इथे जपानी राजवट होती तेव्हाची, तुम्ही मनाला लावून घेऊ नका. मी पुढे काही विचारलं नाही. कुणाच्या घरचं उकरून काढायचं नाही, ही आमच्या आईची शिकवण. पण खरं सांगायचं तर मला राग आला. बारा वर्षांच्या मुलीने कुणाचं काय केलं होतं?

मंगळवार, १३ मे

श्रीनिवासने स्वयंपाक केला. आमटीत गूळ विसरला आणि मीठ दोनदा घातलं. मला वाटतं माझ्या नोकरीवर हा त्याचा निषेध असावा. जेवताना तीनदा विचारलं, "धड कसं करतात? आतून पोकळ असतं का?" उगाच काहीतरी विचारायचं म्हणून. जाई इथल्या मुलांसारखं ‘लाह’ लावत म्हणाली, "बाबा, इट्स सो सॉल्टी लाह," आणि तरी दोन वाट्या प्यायली.

शुक्रवार, २३ मे

नक्कल झाली. पाठ, दोन पुढचे भाग, बाह्या, गळपट्टी. डाव्या छातीवर नावाची पट्टी येते, तिच्यावर नाव, शाळा, पत्ता आणि रक्तगट. मी ती कोरी ठेवली आहे.

मापांत एक चूक दिसते. बाजूच्या शिवणीच्या आत साडेचार सेंटिमीटर कापड सोडलंय असं लिहिलंय. एवढं कोण सोडतं, तेही युद्धात, कापड मिळत नसताना? दीड असणार, आकडा चुकला असेल. मी दीड धरलं आणि त्यांना मेल केला.

नक्कल हातात घेऊन खिडकीपाशी बराच वेळ उभी होते. इतक्या दिवसांनी आपल्या हातून काहीतरी सरळ, नीट झालंय, याचंच मला जास्त सुख वाटत होतं. मग हे कुणाचं आहे ते आठवलं आणि लाज वाटली. पण सुख गेलं नाही. दोन्ही तसंच राहिलं.

संग्रहालयाकडे एक पत्र आलंय म्हणे, एका म्हाताऱ्या गृहस्थांचं. जपान्यांनी इथे मारलेल्या आमच्या माणसांच्या वस्तू कुठे आहेत, असं विचारलंय. चिया म्हणाले, "उत्तर द्यायला अवघड आहे, कारण बहुतेकांच्या नाहीतच."

बुधवार, ४ जून

जाईला महिन्याची सुट्टी लागली. घरी एकटी फोन बघत बसेल म्हणून कारखान्यात घेऊन गेले. तिथे लक्षात आलं की तीही बाराच वर्षांची आहे, तीही यंदाच मोठ्या शाळेत गेली. मग तिचीच मापं घेतली. छाती, खांदा ते खांदा, मानेपासून कमर. ती हात पसरून उभी होती.

"हे कुणासाठी आहे?"

मी सांगितलं. तिने हात खाली घेतले, मग थोड्या वेळाने आपणहून पुन्हा पसरले. "ओके. कॅन. मेझर."

आंटी क्वेक त्यांच्या टेबलावरून बघत होत्या. मापं झाल्यावर त्यांनी जाईला बोलावून कापडाच्या चिंध्या रंगांप्रमाणे लावायला बसवलं. मुलीला कंटाळा येणार, मला माहीत होतं. दोन तास दोघींचा आवाजसुद्धा आला नाही.

मंगळवार, १० जून

वाईट दिवस. फोमचं धड कापून, तासून, वर भरण लावून तयार केलं, नक्कल चढवली, आणि पुढचे दोन भाग एकमेकांना मिळेनात. तीन बोटांचं अंतर. मापं तपासली, ती बरोबर होती. मग नक्कल चुकली असणार म्हणून ती पुन्हा मोजली, तीही बरोबर. सात वर्षांत हात गेला, असं वाटून मी पाणी प्यायला उठले.

परत आले तर आंटी क्वेक माझ्या टेबलापाशी. हात पाठीमागे बांधलेले, म्हणजे हात लावला नाही म्हणायला.

"मोठं झालं. तुझी मुलगी दूध पिते, चीज खाते. ही युद्धातली पोर. भात नाही. रताळी." मग स्वतःच्या मनगटाभोवती अंगठा आणि करंगळी मिळवून दाखवली. "मी पंधरा वर्षांची असताना एवढी, युद्ध संपल्यावरसुद्धा. खांदे असे, पुढे. बरगड्या दिसतात, पण पोट थोडं पुढे. ते विसरू नको, उपाशी पोरांचं पोट पुढे असतं."

मी पेन्सिलने खुणा करत गेले, त्या सांगत गेल्या. एकदाही हात लावला नाही. संध्याकाळी घरी येऊन जाईचे जुने फोटो काढले. नऊ वर्षांची असताना ती साधारण त्या मापाची होती. समुद्रकाठच्या ईस्ट कोस्टला सायकलवर काढलेला एक फोटो आहे, दोन दात पडलेले. तो बघत बसले आणि श्रीनिवासने विचारलं काय झालं. काही नाही म्हटलं. त्याने भात लावला.

सोमवार, ३० जून

शाळा सुरू. सुट्टीत जाई आठवड्यातून तीन दिवस कारखान्यात आली, बाकी दिवस वाचनालयात. आता शाळेनंतरही वाचनालयात जाते म्हणते. पुस्तकं मात्र घरी कधी आणत नाही. आज तिच्या बोटाला सुई टोचल्याच्या खुणा दिसल्या. विचारलं तर म्हणाली, "नथिंग." तिच्या शाळेच्या शर्टाचं तुटलेलं बटण कुणीतरी लावून दिलंय, देठ करून, दोऱ्याचे सहा वेढे देऊन. इतकं सुबक मलाही जमत नाही. शाळेत आजकाल शिवण शिकवत असतील. चांगलं आहे.

नवं धड बरोबर बसलं, त्यावरचं अस्तर शेवटी मीच शिवलं. नकलेच्या पुढच्या कडा एकमेकींवर अलगद टेकतात. चियांनी येऊन पाहिलं आणि अंगठा वर केला. त्यांच्याकडून याहून जास्त मिळत नाही, असं आंटी क्वेक म्हणतात.

मंगळवार, १५ जुलै

जाईने घरी तळहाताएवढ्या हिरव्या मोदकासारखं काहीतरी आणलं, आत गूळ-खोबरं. "फ्रेंडच्या आजीने दिलं." कोण मैत्रीण, तर "जस्ट अ फ्रेंड लाह." मी म्हटलं एकदा घरी बोलाव तिला. जाई हसायला लागली. या वयात मुलं कशालाही हसतात.

गुरुवार, २४ जुलै

मोरिशितासान आल्या. हिरोशिमाहून वस्तूंबरोबर त्याच आल्या आहेत, बावीस वर्षं हाच संग्रह सांभाळतायत. बारीक चण, पांढरे होत चाललेले केस, पायांचा आवाज न करता चालतात. पेटी लगेच उघडायची नसते, इथल्या हवेला सरावायला एक दिवस द्यायचा असतो. म्हणून आज नुसती पेटी मध्ये ठेवून आम्ही चहा प्यायलो.

माझ्या मेलचं उत्तर त्यांनी समोरासमोर दिलं. "साडेचारच आहे. चूक नाही. उत्तर द्यायला उशीर झाला, मला वाटलं मूळ वस्त्र आल्यावर तुम्ही बघालच." त्या माफी मागत होत्या आणि मी मनात हिशोब करत होते. आतलं कापड दोन्ही बाजूंना तीन-तीन सेंटिमीटर जास्त असेल तर माझ्या धडावर त्या जागी उंचवटा येणार आणि वरचं कापड ताणलं जाणार. सोमवारी धड द्यायचं आहे. मी चियांना लगेच सांगितलं, आकडा मीच बदलला होता म्हणून. त्यांनी भिंतीवरचं कॅलेंडर पाहिलं. मग म्हणाले, "चार दिवस आहेत."

आंटी क्वेक आज यायच्या नव्हत्या. तरी आल्या, आणि कोपऱ्यात केटलीपाशी दिवसभर बसून होत्या. त्यांच्या फ्लॅटला एसी नाही, त्यामुळे येत असाव्यात.

शुक्रवार, २५ जुलै

आजचं सावकाश लिहायचं आहे.

सकाळी दहाला पेटी उघडली. पांढऱ्या कागदाचे थर एकेक करून मोरिशितासाननी बाजूला केले. पोलकं लहान होतं. मी अडीच महिने त्याची मापं पाठ म्हणत होते, तरी ते इतकं लहान असेल असं वाटलं नव्हतं. निळसर पट्ट्यांचं कापड, बापाच्या उन्हाळी कपड्यातून काढलेलं. डावी बाही आणि पाठीचा वरचा भाग तपकिरी काळा, कडा झिरमिळ्या झालेल्या. नावाच्या पट्टीवरची शाई अजून वाचता येते.

मोरिशितासाननी चिमट्याने बाजूची शिवण हळूच उलटी करून दाखवली. आत दोन बोटं कापड, नीट दुमडलेलं, हाताने शिवून बसवलेलं.

मागे नळाचा आवाज आला. आंटी क्वेक हात धूत होत्या. साबण लावून, कोपरापर्यंत, मग स्वच्छ टॉवेलला पुसून त्या टेबलाशी आल्या. मोरिशितासाननी माझ्याकडे पाहिलं, मी मान हलवली, आणि त्यांनी थोडं सरकून जागा दिली. आंटींनी भिंगातून शिवण पाहिली. बराच वेळ.

"जुनी भोकं नाहीत," त्या म्हणाल्या. "टाके कधी उसवलेले नाहीत. एकदाही नाही. नवीन होतं."

"हो," मोरिशितासान म्हणाल्या. "त्या उन्हाळ्यासाठीच शिवलं होतं. वाढत्या मुलांच्या कपड्यांत आत असं ठेवायची पद्धत आहे."

"तीन वर्षांचं ठेवलंय. दर वर्षी थोडं सोडणार होती." आंटींनी बोटाने हवेतच माप दाखवलं. "कापड नाही, खायला नाही. तरी आत एवढं ठेवलं. म्हणजे तिला वाटत होतं, पोर वाढणार."

मोरिशितासाननी शिवण पुन्हा होती तशी मिटवली. मग मलाच राहवेना. मी सांगितलं की शिवणीच्या आत असं जे जास्तीचं कापड सोडतात, त्याला आमच्या भाषेत माया म्हणतात. आणि जीव लावण्यालाही तोच शब्द आहे. शिंप्याला आम्ही सहज सांगतो, आत माया ठेवा. इतक्या वर्षांत मी कधी त्याचा विचार केला नव्हता, आकडा बदलतानाही नाही.

मोरिशितासाननी तो शब्द दोनदा म्हणून घेतला आणि वहीत लिहिला. आंटी क्वेकना बहुतेक ऐकू आलं नसावं. त्यांनी आपलं स्टूल ओढून माझ्या टेबलाशी आणलं.

"बाजूंना खोलगट कर. मी अस्तर उसवते. सोमवारपर्यंत होईल."

रविवार, २७ जुलै

सुट्टी असून आंटी आणि मी दोघी कारखान्यात. जाईसुद्धा आली, आपणहून. मी धडाच्या दोन्ही बाजू पातीने तासून खोल केल्या, आंटींनी अस्तर पुन्हा बसवलं. असा हात मी पाहिला नाही. टाके आत नाहीसे होतात, नुसती कापडाची वळलेली कड दिसते. जाई त्यांना सुया ओवून देत होती, न सांगता, जाड-बारीक बघून.

दुपारी श्रीनिवास डबा घेऊन आला. वरणभात, बटाट्याची भाजी, काकडीची कोशिंबीर. मोरिशितासानही हॉटेलवरून आल्या होत्या, आम्ही सगळे कटिंगच्या टेबलाशेजारच्या स्टुलांवर बसून जेवलो. वरणात मीठ बरोबर होतं. श्रीनिवासने जेवणाआधी दारातूनच धड पाहून घेतलं आणि मोरिशितासानना सांगितलं, "हिने नऊ वर्षं हे काम केलंय पुण्यात. शेले वगैरे." ते सगळं त्याला पाठ आहे, हे मला माहीत नव्हतं.

जेवण झाल्यावर मोरिशितासाननी जेवायच्या काठ्या खाली ठेवल्या आणि आंटींना म्हणाल्या, "आमच्या सैन्याने इथे काय केलं, ते मी येण्याआधी वाचलं. आमच्या शाळेत फारसं शिकवलं नव्हतं. तुमच्या हाताचं काम या वस्तूला मिळतंय, त्याचं मला..." पुढचा इंग्रजी शब्द त्यांना सापडेना.

आंटी म्हणाल्या, "तुम्ही तेव्हा जन्मला नव्हता. मी एकोणीस दिवसांची. मला आठवत नाही. दोघींना आठवत नाही, मग कशाला रडायचं. काम बाकी आहे."

मग शिवता शिवता, माझ्याकडे न बघता, त्यांनी सांगितलं. नदीकाठच्या तांदळाच्या गोदामात वडील कारकून होते. जपानी आले त्याच आठवड्यात चिनी पुरुषांनी तपासणीला यायचं असा हुकूम निघाला. आईने भात बांधून दिला. ते गेले आणि आले नाहीत. समुद्रकिनाऱ्यावर नेलं, असं नंतर कुणी म्हणालं. फोटो नव्हता, जो एक होता तो भीतीने जाळला. चपला, चष्मा, काही नाही.

"आईने शिवलेला शर्ट घालून गेले होते. पांढरा." आंटींनी दोरा दातांनी तोडला. "मिळाला असता तर आईने ओळखला असता."

जाईने पुढची सुई त्यांच्या हातात दिली. मी काही विचारलं नाही.

सोमवार, २८ जुलै

दुपारी तीनला पोलकं धडावर बसलं. मोरिशितासान, आंटी आणि मी, सहा हात. बाजूची शिवण खोलगट जागेत अलगद विसावली. कुठेही ताण नाही. चिया आले, त्यांनी दोन्ही अंगठे वर केले. आंटी म्हणाल्या, एकोणीस वर्षांत पहिल्यांदा.

घरी चालत आले. पाय दुखत होते आणि मी गुणगुणत होते.

बुधवार, ६ ऑगस्ट

प्रदर्शन उघडलं. भाषणं थोडक्यात झाली. श्रीनिवासने ऑफिसातल्या अकरा जणांना आणलं होतं. त्यातला प्रत्येक जण येऊन मला धडाबद्दल इतके नेमके प्रश्न विचारत होता की मला नवल वाटलं, यांना एवढी माहिती कुठून?

त्या पत्र लिहिणाऱ्या गृहस्थांना संग्रहालयाने बोलावलं होतं. आले होते. सगळं बघून काही न बोलता गेले. पण बघून गेले.

आंटी क्वेक आल्या नाहीत. आधीच सांगितलं होतं, समारंभ नको म्हणून.

रविवार, १० ऑगस्ट

काल राष्ट्रीय दिनाची सुट्टी होती. आमच्या इमारतीच्या सगळ्या कठड्यांवर लाल-पांढरे झेंडे. सकाळी जाईचा फोन वाजला, माझा नाही. तिने ऐकलं आणि म्हणाली, "आंटी क्वेक खाली आलीय. म्युझियमला घेऊन जा म्हणते."

"तिला तुझा नंबर कसा माहीत?"

"आई, शूज घाल."

एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, गर्दी संचलनाकडे जाणाऱ्यांची, लाल शर्टवाली. आंटींनी राखाडी विजार आणि इस्त्रीचा निळा ब्लाउज घातला होता, केसांना तेल. संग्रहालयात जेमतेम वीस माणसं असतील. त्या प्रत्येक वस्तूपाशी सारखाच वेळ थांबल्या, लाकडी चपलेपाशी, चष्म्याच्या घरापाशी. पोलक्यापाशी आल्यावर वाकून आधी बाजूची शिवण पाहिली. "बसलंय," म्हणाल्या.

शेजारी एक तरुण बाप आणि त्याची पाच-सहा वर्षांची मुलगी उभी होती. मुलगी विचारत होती हे कुणाचं, आणि बाप पाटी शोधत होता. आंटी त्या मुलीकडे वळल्या.

"योशिएचं. बरोबर म्हण. यो-शि-ए."

मुलीने म्हटलं.

"तिच्या आईने शिवलं. आत जास्त कापड आहे, बाहेरून दिसत नाही. मी आतून पाहिलंय."

बाहेर पडायच्या दाराशी उंच टेबलावर अभिप्रायाची वही होती. मी लिहिणार नव्हते, आंटींना मात्र विचारलं की तुमच्या वतीने मी काही लिहू का, कारण त्या शाळेत कधी गेल्या नाहीत, वाचता-लिहिता येत नाही, हे चियांनी मला सांगितलं होतं. त्यांनी मानेनंच नको म्हटलं आणि जाईकडे हात पुढे केला. जाईने पिशवीतून पेन काढून दिलं.

आंटींनी वही सरळ केली, कापड सरळ करतात तशी, तळव्याने. मग लिहायला लागल्या. एक रेघ, थांबून दुसरी. जाई त्यांच्या कोपराशी वाकून हलक्या आवाजात सांगत होती, "नाऊ लेफ्ट. देन डाउन." एकदा आंटी थांबल्या, जाईने बोटाने टेबलावर रेघ काढून दाखवली, त्या पुढे गेल्या. मागे दोघे-तिघे वहीसाठी थांबले होते. कुणी घाई केली नाही.

तीन अक्षरं झाली.

"काय लिहिलंय?" मी विचारलं.

"वडलांचं नाव," आंटी म्हणाल्या.

"टेओ किम चुआन," जाई म्हणाली. "आंटीच्या बर्थ सर्टिफिकेटवर आहे, चायनीजमध्ये पण. माझ्या क्लासमेटने मला स्ट्रोक्सची ऑर्डर शिकवली, मी आंटीला. शी टीच मी सोइंग. आफ्टर स्कूल, तिच्या घरी."

"वाचनालय?"

"सॉरी."

"कधीपासून?"

"जून हॉलिडेज."

"आणि त्यांच्या वडिलांचं तुला तेव्हापासून माहीत होतं? मला का नाही सांगितलंस?"

जाईने खांदे उडवले. तिच्या बोलण्यात राग नव्हता, उलट थोडी दयाच होती. "यू नेव्हर आस्क, व्हॉट."

खरं आहे. तीन महिने मी त्यांच्या शेजारी बसले. विचारलं नाही, आणि त्याला सभ्यपणा म्हटलं. मी आंटींकडे पाहिलं. त्या वही थोडी दूर धरून आपलं अक्षर तपासत होत्या, टाक्यांसारखं, कुठे ओढलं गेलंय का ते.

"शेवटचं वाकडं झालं," त्या म्हणाल्या.

"नाही आंटी," मी म्हटलं. "छान आलंय. वडिलांविषयी मला सांगाल? पहिल्यापासून?"

"मला एकोणीस दिवसांचंच माहीत आहे."

"तेवढं सांगा."

त्यांनी जरा विचार केला. मग पुन्हा वहीवर वाकून नावापुढे स्वतःच तारीख घातली. आकडे त्यांना कपड्यांच्या कारखान्यापासून येतात. पेन जाईला परत दिलं.

"सांगते. पण आधी खायला चला. मला भूक लागली."